फ्रूट केक करदंटाच्या जातीचा असावा

बेळगावातल्या शहापूरच्या एका ताईंचा प्रश्न आहे. गेल्या नाताळात त्यांनी घरी रमचा फ्रूट केक केला. सुकामेवा दोन दिवस रममध्ये ठेवला, मग फळांसकट सगळी रम पिठात ओतली आणि १८० अंशांवर तासभर भाजलं. वरून काळा, आत गिच्च, फळं सगळी तळाला. वर आठ दिवसांत बुरशी. यंदा डिसेंबर तर लागला, अजून वेळ आहे का? आणि घरात सासरे माळकरी आहेत. भाजल्यावर रम उडून जाते म्हणतात, ते खरं का?

ताई, चूक एकच झाली, ती चार ठिकाणी दिसली. पाणी जास्त झालं. फळं बुडाली ती पाण्यानं, मध्य कच्चा राहिला तो पाण्यानं, बुरशी आली तीही पाण्यानंच. करपला तेवढा आचेनं, पण त्याचंही मूळ तेच, ते पुढे सांगतो.

तुम्ही म्हणाल, पाणी घातलंच नव्हतं, रम घातली होती. बाटली उलटी करून बघा. आपल्याकडच्या बहुतेक डार्क रमवर ४२.८ टक्के असं छापलेलं असतं. म्हणजे उरलेलं निम्म्याहून जास्त पाणी. वाटीभर रम पिठात ओतलीत तेव्हा अर्ध्या वाटीहून जास्त पाणी ओतलंत.

गोकाकचा करदंट खाल्लाय ना? गूळ, डिंक, सुकामेवा. ओल जवळजवळ नाही, म्हणून डब्यात कितीतरी दिवस राहतो. आपला कुंदा दुधाचा, ओलसर, तो लवकर संपवावा लागतो. फ्रूट केक करदंटाच्या जातीचा असावा, कुंद्याच्या नाही. एवढं डोक्यात ठेवलं की बाकीची कृती आपोआप सुचते. मी कॅम्पातल्या एका बेकरीच्या भट्टीवर अठ्ठावीस वर्षं काढली, आता टिळकवाडीत घरी ओटीजीवर, म्हणजे विजेच्या छोट्या ओव्हनवर, ऑर्डरी करतो. भट्टी गेली, ओटीजी आला, पण हिशोब पाण्याचाच राहिला.

आधी फळांचं बघू. एक किलो सुक्या फळांत मी काळ्या मनुका ३५० ग्रॅम, बेदाणे २५०, खजूर १५०, सुके अंजीर १००, साखरेत मुरवलेली संत्र्याची साल १०० आणि चेरी ५० ग्रॅम घेतो. रविवार पेठेत सगळं मिळतं. बेदाणे तासगाव-सांगलीकडचे नाहीतर विजापूरकडचे, दोन्ही चांगले. पण एक लक्षात घ्या. द्राक्षं लवकर वाळावीत म्हणून ती आधी पोटॅशियम कार्बोनेट आणि डिपिंग ऑइलच्या पाण्यात बुडवतात. त्या तेलाचा हलका थर बेदाण्यावर राहतो, आणि पिवळ्या-हिरव्या मालाला बहुधा गंधकाची धुरी दिलेली असते. म्हणून कोमट पाण्यात पटकन चोळून धुवा. धुतल्यावर सुती कापडावर सावलीत पूर्ण दिवस वाळवा. ही पायरी माणसं गाळतात. ओले बेदाणे रममध्ये गेले की रम तिथंच पातळ झाली. काळ्या मनुकांत बिया असल्या तर काढा. दाताखाली बी आली की कडू लागते.

चेरीबद्दल एक गंमत. बाजारात लाल, चमकदार, पाकातली चेरी म्हणून जे मिळतं ते पुष्कळदा करवंद असतं. बी काढून, रंग देऊन, साखरेत मुरवलेलं. खानापूर-चंदगडच्या जाळ्यांत जे आपण लहानपणी तोंड काळं होईस्तोवर खाल्लं, तेच मुंबईची फेरी मारून लाल होऊन परत येतं. वाईट नाही, पण रंग सोडतं. म्हणून गरम पाण्यातून काढून, कोरडं करून घ्या. टुटीफ्रुटी मात्र मी घालत नाही. ती कच्च्या पपईची, तिला स्वतःची चव नाही, नुसती साखर आणि रंग. पुण्या-मुंबईच्या पाहुण्यांना ती दिसली नाही तर केक अपुरा वाटतो, वाटू दे.

संत्र्याची साल घरी करा. या दिवसांत नागपूरची संत्री स्वस्त असतात. सालीचा आतला पांढरा भाग थोडा खरवडायचा, बारीक पट्ट्या कापायच्या, तीनदा उकळायच्या आणि प्रत्येक वेळी पाणी फेकून द्यायचं. कडूपणा त्या पाण्याबरोबर जातो. मग सालीच्या वजनाइतकी साखर आणि बुडेल इतकं पाणी घालून मंद आचेवर पट्ट्या काचेसारख्या दिसू लागेपर्यंत शिजवायचं. दोन दिवस ताटात सुकवल्या की झालं. विकतच्या सालीत आणि या सालीत इतका फरक आहे की एवढी एकच गोष्ट घरी केलीत तरी केक वेगळा लागेल.

काजू-बदाम भिजवू नका. रममध्ये राहून काजू शेंगेतल्या ओल्या दाण्यासारखा मऊ होतो. चंदगडचा काजू आणा, अख्खा नको, तुकडा स्वस्त पडतो. केकच्या दिवशी कोरडा भाजून घाला.

आता भिजवणं. एक किलो फळांना ३५० मिलि रम. यापेक्षा जास्त घालून फळं जास्त पीत नाहीत, ती नुसती पोहतात. खजूर, अंजीर बेदाण्याएवढे चिरा. काचेची बरणी घ्या, लोणच्याची चालेल, पण तिला लोणच्याचा वास नको. मी एकदा आईची जुनी चिनी मातीची बरणी वापरली होती. तीन वेळा धुतली, उन्हात ठेवली, तरी केकला हिंगाचा सुगंध. तो केक घरीच संपवावा लागला.

घट्ट झाकण लावून अंधाऱ्या फडताळात ठेवा, दोन-तीन दिवसांनी बरणी उलटीपालटी करा. सवड असेल तर तीन-चार आठवडे, सहा महिने ठेवलं तरी बिघडत नाही. फळांत स्वतःचं पाणी साधारण १५ टक्के असतं. ते आणि रममधलं पाणी धरूनही आतल्या रसात तीस टक्क्यांच्या आसपास अल्कोहोल राहतं, वर फळांची साखर. त्यात काही वाढत नाही. काहीजण काटकसर म्हणून अर्धी रम, अर्धा संत्र्याचा रस घालतात. मग हे प्रमाण निम्म्यावर येतं. अशी बरणी बाहेर ठेवू नका, फ्रिजमध्येच ठेवा आणि आठवड्यात वापरा.

रम कोणती? साधी डार्क रम. ओल्ड मंक बहुतेकांना आवडते कारण तिला मुळातच व्हॅनिलाकडे झुकणारा गोडसर वास आहे. महाग रमची चव एवढ्या मसाल्यात आणि जळक्या साखरेत कळत नाही. आपल्या गावात मराठा लाइट इन्फंट्रीचं केंद्र असल्यानं गल्लीगल्लीत एखादे माजी सुभेदार असतात आणि त्यांच्या कपाटात कॅन्टीनची बाटली असते. त्यांना केकची मोठी फोड कबूल करा. गोव्याहून स्वस्त म्हणून चोर्ल्याच्या घाटातून बाटल्या आणण्याच्या फंदात पडू नका. परवान्याशिवाय ती राज्यात आणणं गुन्हा आहे आणि केकला लागते केवढी, चारशे मिलि.

फेणी चालेल का, असं खानापूरकडचे हमखास विचारतात. चालते, पण तिचा वास घर सोडत नाही. तशी काजूच्या दारूला केकमध्ये मान जुना आहे. केरळात तलश्शेरीला मांबळ्ळी बापू नावाच्या बेकरीवाल्यानं १८८३ साली मर्डक ब्राऊन या साहेबासाठी नाताळचा केक केला. साहेबानं ब्रँडी घालायला सांगितली होती, बापूनं काजूबोंड आणि केळ्यांची गावठी दारू घातली आणि साहेब खूश झाला, अशी गोष्ट तिकडं सांगतात. मी मात्र एकदाच फेणी वापरली. खाणाऱ्याला दालचिनी, संत्रं काही कळलं नाही, फेणी तेवढी कळली.

तुमच्या हातात तीनच आठवडे आहेत, तर असं करा. चिरलेली कोरडी फळं ताटात पसरून ओटीजीत १०० अंशांवर दहा मिनिटं गरम करा. गॅस बंद, देवघरातली समई-उदबत्ती बंद, मग गरम फळांवर रम ओतून लगेच झाका. गरम फळ पटापट पितं. एरवी आठ दिवसांत जे होतं ते दोन-तीन दिवसांत होतं. रम स्वतः कधी गॅसवर गरम करू नका. तिची वाफ पेटते. आज भिजवलंत तर दहा-बारा तारखेला केक भाजा, म्हणजे पंचवीसपर्यंत त्याला मुरायला दोन आठवडे मिळतात. पुरे आहेत.

भाजायच्या दिवशी पहिलं काम, फळं चाळणीत अर्धा तास निथळत ठेवायची. खाली जो दाट तपकिरी रस जमेल तो बाटलीत भरून ठेवा. तो पिठात जाणार नाही. गेल्या वर्षी तुमचा केक नेमका इथं फसला. तो रस नंतर केकला पाजायचा आहे.

आठ इंची, म्हणजे वीस सेंटिमीटरच्या गोल टिनला हे माप: निथळलेली फळं ९०० ग्रॅम, लोणी २२५, ब्राऊन शुगर २००, अंडी ४, मैदा २२५, काजूची किंवा बदामाची पूड ५०, भाजलेले काजू तुकडे १००, बेकिंग पावडर अर्धा चहाचा चमचा. मसाल्यात दालचिनी एक चमचा, जायफळ अर्धा, सुंठ पाव, लवंग चिमूटभर. वेलची घालू नका, शिऱ्यासारखा वास येतो. एक मोठा चमचा काकवी. विलायती पुस्तकांत जिथं ट्रीकल लिहिलेलं असतं तिथं मी डोळे मिटून काकवी घालतो. रम उसाच्या मळीची, काकवी उसाच्या रसाची, दोघी चुलतबहिणी, एकमेकींच्या शेजारी शोभतात.

लोणी घरचं नको. घरच्या लोण्यात ताकाचं पाणी राहतं. किती धुतलं तरी थोडं राहतंच, आणि साखरेबरोबर फेसताना ते फुटतं. विकतचं बटर घ्या, खारट असेल तर मीठ वगळा. आपल्याकडं डिसेंबरातल्या सकाळी स्वयंपाकघरात एवढा गारठा असतो की बटर दगडच राहतं. रात्रीच बाहेर काढा आणि दुपारी केक करा. बोट दाबल्यावर खड्डा पडावा, पण बटर चमकू नये. चमकलं म्हणजे वितळायला लागलं. अंडी पण बाहेरची, फ्रिजमधली नकोत.

कॅरॅमल आदल्या दिवशी करून ठेवा. १०० ग्रॅम साखर जाड बुडाच्या भांड्यात कोरडीच वितळवायची. सोनेरी झाली, तांबूस झाली, की लोक घाबरून गॅस बंद करतात. थांबा. गडद तपकिरी होऊन बारीक धूर निघू लागला की गॅस बंद आणि लांब दांड्याच्या पळीनं ८० मिलि उकळतं पाणी थोडं थोडं घाला. साखर उसळते, तोंड लांब ठेवा, पोरांना बाहेर काढा. गार पाणी तर अजिबात नाही. बेकरीच्या केकचा काळसर रंग आणि गोडाला येणारी ती किंचित कडू धार इथून येते. पूर्ण काळी झाली तर फेकून द्या, तो कडूपणा केकमध्ये लपत नाही. गार झाल्यावर हा पाक मधासारखा दाट हवा; पातळ वाटला तर पुन्हा आटवा. पिठात वरून जाणारं पाणी जवळपास एवढंच, म्हणून मोजून चार मोठे चमचे घाला.

लोणी-साखर फेसा, रंग फिका होईपर्यंत, हातानं केलं तर दहा मिनिटं. अंडी एकेक करून. मिश्रण दाणेदार दिसलं तर एक चमचा मैदा टाका, जुळून येतं. मग काकवी, कॅरॅमल. मैदा, काजू-बदामाची पूड, मसाला, बेकिंग पावडर एकत्र चाळून उलथन्यानं हलक्या हातानं मिसळा. इथं बीटर बाजूला ठेवा. शेवटी फळं आणि काजू.

फळांना मैदा चोळला की ती बुडत नाहीत असं सगळे सांगतात. मोजलेल्या मैद्यातले दोन चमचे मीही चोळतो, ओलसर फळं एकमेकांना चिकटत नाहीत म्हणून. पण पातळ पिठात मैदा चोळलेलं फळही बुडतं. पीठ चमच्यावर घेऊन चमचा आडवा करा. ओघळलं तर फळं बुडणार. थबकून राहिलं आणि झटका दिल्यावर गोळ्यानं पडलं तर फळं जिथं ठेवाल तिथं राहतील. ओघळत असेल तर दोन चमचे काजूपूड घाला, मैदा नको, मैद्यानं केक कोरडा होतो. बेकिंग पावडर पण वाढवायची नाही. हा केक फुगायचा नसतो. जास्त फुगला की फळांखालची जमीनच सैल होते.

आता भट्टी. बेकरीत लाकडाची भट्टी असताना पहाटे पाव निघायचा तेव्हा आतलं तापमान सव्वादोनशेच्या आसपास. मग खारी, बटर, नानकटाई, शेवटी टोस्ट. जाळ विझलेला, विटा मात्र गरम, आच तासातासाला उतरत जाणारी. तेव्हा नाताळचे केक आत जायचे. कॅम्पातली ख्रिस्ती कुटुंबं आपापले टिन घेऊन यायची, वर नावाची चिठ्ठी, कुणाचा चौकोनी बिस्किटाचा डबा, कुणाचं अॅल्युमिनियमचं पातेलं. दुपारपर्यंत दार उघडायचं नाही. तिथं मी शिकलो की हा केक भाजायचा नसतो, उबेत शिजवायचा असतो.

कारण सरळ आहे. पीठ घट्ट, फळं जड, त्यात आच कडेपासून मध्यापर्यंत मुंगीच्या पावलानं जाते. १८० वर ठेवलंत की कडा आणि वरचा थर अर्ध्या तासात तयार, फळांतली साखर करपायला लागली, आणि मध्य अजून कोमट. तुम्ही करपलेलं पाहून तासाभरात बाहेर काढलात, मग मधलं पाणी कुठं जाणार? करपण्याचं मूळही पाणीच म्हणालो ते यासाठी: पीठ जितकं ओलं तितका मध्य उशिरा तयार होतो आणि तितक्या वेळ कडा जळत बसतात.

टिनला आतून बटर पेपरचे दोन थर लावा, काठापेक्षा इंचभर वर. बाहेरून वर्तमानपत्राची चार पदरी पट्टी गुंडाळून सुतळीनं बांधा. दीडशे अंशांवर कागद पेटत नाही, पण तो ओटीजीच्या सळईला टेकता कामा नये. लहान ओटीजीत तेवढी जागा नसेल तर कागद सोडा आणि टिन मोठ्या टिनमध्ये ठेवा. वरची सळई बंद, पंखा बंद, टिन सगळ्यात खालच्या रॅकवर. १५० वर पहिली तीस मिनिटं, मग १४० वर आणखी दोन ते अडीच तास. दीड तासानंतर वर बटर पेपरचा तुकडा सैल टाका.

ओटीजीच्या बटणावरचा आकडा खरा धरू नका. माझ्या पहिल्या ओटीजीचं १५० म्हणजे प्रत्यक्षात १७५ निघालं आणि ते कळेपर्यंत पाच ऑर्डरी करपल्या होत्या. आत ठेवायचा छोटा थर्मामीटर मिळतो, तो आधी घ्या, मोल्ड-बिल्ड नंतर.

वीज गेली तर? आपल्याकडं जाणारच. दार उघडू नका. अर्धा-पाऊण तास आतली ऊब टिकते आणि या केकला ती पुरते. वीज आल्यावर जितका वेळ गेला त्याच्या निम्मा वेळ वाढवा. मी पहिल्याच वर्षी घाबरून दार उघडलं, टिन बाहेर काढला, बॅटरीच्या उजेडात काडी घालून बघितली. मधोमध वाटीएवढा खड्डा पडला. आयसिंगनं भरून दिला, गिऱ्हाईक खूश, मी नाही.

झाला की नाही हे काडी सांगते, पण चुकीचंही सांगते. काडीला मनुकेचा गर लागला तर केक कच्चा वाटतो. दोन-तीन ठिकाणी घालून बघा. त्याहून भरवशाचा म्हणजे कान. टिन दारापाशी ओढून कान जवळ न्या. कच्चा केक बारीक चुरचुरतो, आत पाणी उकळत असतं. तो आवाज जवळजवळ थांबला की केक झाला. पूर्ण चिडीचूप झाला तर थोडा जास्तच झाला.

बाहेर काढल्यावर केक टिनमध्येच राहू द्या. पाच मिनिटांनी काडीनं वीसेक भोकं पाडून निथळलेल्या रसाचे किंवा रमचे दोन मोठे चमचे वर सोडा. रात्रभर तसाच, वर सुती कापड. दुसऱ्या दिवशी पूर्ण गार झाल्यावर बटर पेपरमध्ये गुंडाळा, त्यावर फॉइल, मग घट्ट डबा. फॉइल थेट केकला लावू नका, फळांच्या आंबटपणानं तिला भोकं पडतात. कोमट केक गुंडाळला की आत घाम सुटतो आणि तुमची आठ दिवसांतली बुरशी बहुतेक तशीच आली असणार. डबा पाण्याच्या ताटलीत ठेवा. मुंग्यांना नाताळ आपल्याआधी कळतो.

पुढे आठवड्याला एक मोठा चमचा, बस. तुमच्या दोन आठवड्यांत दोनदाच. इथं माणसं वाहवत जातात. अनगोळचे एक सुभेदार बाटली घेऊन समोर बसायचे, "घाला की हो, मी दिलीय नव्हं?" मी ऐकलं. तीन आठवड्यांत बाटली संपली. कापायला गेलो तर फोड उभी राहिना, ओल्या भाकरीसारखी मोडली, आणि घास घेतला की घसा जळायचा. सुभेदारांनी आवडीनं खाल्ला, त्यांच्या नातवानं थुंकून टाकला. पहिल्या दिवशी रम, दालचिनी, संत्रं तिघं वेगवेगळे बोलतात. दहा-बारा दिवसांत त्यांचा एक सूर होतो. तो दिवसांनी येतो, जास्त रम ओतून येत नाही.

आता सासऱ्यांचा प्रश्न. भाजल्यावर रम सगळी उडून जाते, हे खरं नाही. अमेरिकेच्या कृषी खात्याचा तक्ता आहे: तासभर शिजवलं तर साधारण २५ टक्के अल्कोहोल मागे राहतं, अडीच तासांनी ५ टक्के. म्हणजे गेल्या वर्षीच्या तुमच्या तासाभराच्या केकात पाव हिस्सा होता. यंदा अडीच-तीन तास भाजाल तर भिजवणीतलं फार थोडं उरेल, पण वरून जी रम पाजतो ती भाजलीच जात नाही, ती जशीच्या तशी राहते. पूर्ण मुरवलेल्या केकच्या साठ ग्रॅमच्या फोडीत मिळून अर्धा-एक मिलि अल्कोहोल धरा. चढायला ते काही नाही. पण माळकऱ्याला प्रश्न चढण्याचा नसतो, नियमाचा असतो. ज्यांनी तुळशीची माळ घातली त्यांना "उडून गेलीय हो" म्हणून खाऊ घालू नका. तसंच गरोदर बाईला, लहान पोरांना, औषधं चालू असलेल्याला आधी सांगा.

सासऱ्यांसाठी वेगळा करा, त्यात अंडंही नको असणार. ४०० ग्रॅम फळं १५० मिलि संत्र्याच्या रसात रात्रभर फ्रिजमध्ये भिजवा. १२५ ग्रॅम बटर आणि घट्ट गोड दुधाचा (कंडेन्स्ड मिल्कचा) ४०० ग्रॅमचा डबा एकत्र फेटा, त्यात २५० ग्रॅम मैदा, एक चमचा बेकिंग पावडर, अर्धा चमचा खायचा सोडा, तोच मसाला. फळं इथं निथळायची नाहीत, रसासकट घाला, कारण अंड्यांचं पाणी यात नाही. सात इंची टिनमध्ये १५० वर सव्वा ते दीड तास. चव खरंच छान लागते. माझ्या निम्म्या ऑर्डरी आता याच केकच्या आहेत. मात्र हा कुंद्याच्या जातीचा. बाहेर दोन-तीन दिवस, फ्रिजमध्ये आठवडा, त्याहून ठेवू नका. म्हणून तो तेवीस-चोवीसलाच भाजा. भांडी स्वच्छ, चमचा वेगळा, आणि डब्यावर ठळक अक्षरात नाव. दोन्ही केक दिसायला सारखेच असतात, पाहुण्यांच्या गर्दीत कुणीतरी चुकीचा डबा उघडतंच.

कापताना पावाची दातेरी सुरी घ्या, करवतीसारखी ओढा, दाबू नका. फोड बोटाएवढी जाड पुरे. निथळलेला रस उरला तर फ्रिजमध्ये ठेवा, पुढच्या वर्षीच्या बरणीत तोच आधी ओता. माझ्या बरणीत दरवर्षी मागच्या वर्षीचा थोडा असतोच.